प्रेरणा, कामाठीपुरा: छाप्यानंतरच्या कामाचा लेखाजोखा

देहविक्रीतून मुली सोडवणाऱ्या संस्थांची पारख आपल्याकडे छाप्यांच्या आकड्यावर होते. हा निकष फसवा आहे. फेब्रुवारी १९९६ मध्ये मुंबईच्या कुंटणखान्यांवर एकाच वेळी छापे घालून चारशेहून अधिक मुली-बायका बाहेर काढल्या गेल्या. त्यांना ठेवायचं कुठे, याची तयारी मात्र कुणाचीच नव्हती. नेपाळच्या मुली तर कित्येक महिने अडकून पडल्या. प्रीती आणि प्रवीण पाटकर यांची १९८६ पासूनची ‘प्रेरणा’ ही संस्था उजवी ठरते ती नेमकी इथे, छाप्याच्या आधीच्या आणि नंतरच्या कामात.

सगळ्यात भक्कम बाजू म्हणजे १९८८ मध्ये कामाठीपुऱ्यात, मुंबईतल्या देहविक्रीच्या वस्तीत, सुरू झालेलं रात्रकालीन पाळणाघर. धंद्याची वेळ संध्याकाळनंतरची. तेव्हा पोर एक तर खाटेखाली, नाही तर गल्लीत, आणि गल्लीत दलालाची नजर मुलींवर असतेच. त्यात मूल घरवालीच्या, म्हणजे कुंटणखाना चालवणाऱ्या बाईच्या, ताब्यात असलं की आईला पळून जाण्याचा विचारही करता येत नाही. मूल रात्री सुरक्षित जागी झोपलं की घरवालीच्या हातातली ही दोरी ढिली होते. जोडीला शाळेतला प्रवेश, अभ्यास आणि गरज असेल तिथे वसतिगृह. नुसतं निजायला जागा देऊन भागलं नसतं.

दुसरी बाजू न्यायालयातली. सुटलेल्या मुलीच्या वतीने आरोपीचाच वकील उभा राहायचा, मग बनावट ‘आईबाप’ हजर व्हायचे आणि मुलगी पुन्हा त्याच खोलीत. प्रेरणाच्या याचिकेवर मुंबई उच्च न्यायालयाने २००२ मध्ये या वाटा बंद केल्या: अल्पवयीन मुलगी गुन्हेगार नव्हे, तिला बालकल्याण समितीपुढेच न्यायचं, आणि आरोपीच्या वकिलाला तिच्या वतीने बोलू द्यायचं नाही. एका संस्थेच्या खात्यावर एवढं एकच काम असतं तरी पुरेसं होतं.

अडतं कुठे? बहुतेकदा वयावर. मुलीला ‘एकोणीस सांग’ असं पढवलेलं असतं, म्हणजे ती सज्ञान ठरते. बाल न्याय कायद्याच्या कलम ९४ प्रमाणे आधी शाळेचा दाखला किंवा दहावीचं प्रमाणपत्र, ते नसेल तर पालिकेचा वा ग्रामपंचायतीचा जन्मदाखला, आणि दोन्ही नसतील तरच हाडांची तपासणी. ही तपासणी एक-दोन वर्षं इकडेतिकडे होऊ शकते, आणि बचाव पक्ष नेमका तिथेच बोट ठेवतो. म्हणून गावच्या शाळेतून दाखला मिळवणारा कार्यकर्ता छाप्यातल्या कार्यकर्त्याइतकाच मोलाचा. फोटो फक्त दुसऱ्याचा छापून येतो, एवढंच. पिटा म्हणजे अनैतिक व्यापार प्रतिबंधक कायद्यात छाप्याच्या वेळी किमान दोन महिला पोलीस सक्तीच्या आहेत. मुलीची विचारपूस महिला पोलिसानेच करायची, ती नसेल तर मान्यताप्राप्त संस्थेच्या महिला प्रतिनिधीसमोर. ही अट पाळली नाही की मुलगी तोंडच उघडत नाही.

खबर द्यायची असेल तर अडकलेलं मूल असल्यास १०९८ या क्रमांकावर, एरवी ११२ वर. इमारत, मजला, खोली, मागचा जिना, माणसं बदलण्याची वेळ, जेवढं नेमकं तेवढं सांगा. स्वतः खात्री करायला जाऊ नका: बभ्रा झाला की मुली माळ्यावर, भिंतीआडच्या पोकळीत कोंबल्या जातात, नाही तर त्याच रात्री हलवल्या जातात. फोटो तर नाहीच; पीडितेची ओळख उघड करणं हा गुन्हा आहे.

उणीव एक आहे, आणि ती मोठी आहे. हा सगळा नमुना वस्तीभोवती बेतलेला आहे. धंदा आता लॉज, भाड्याचे फ्लॅट आणि मोबाइलवर गेला. तिथल्या आईचं मूल संध्याकाळी चालत पाळणाघरात येऊ शकत नाही. सज्ञान बाईच्या बाबतीत तर ‘सुटका’ तिला हवी आहे का, हे आधी विचारावं लागतं, आणि छाप्याच्या धांदलीत ते क्वचितच विचारलं जातं.

देणगी द्यायची तर कुठल्याही संस्थेला इतकंच विचारा: तीन वर्षांपूर्वी सुटलेल्या मुली आज कुठे आहेत, आणि किती खटल्यांत साक्ष पूर्ण झाली?