झाडाखालच्या जागेला काय म्हणावे? शिकागो विद्यापीठाच्या मराठी कोशांचे एक परीक्षण

कोकणातील एका देवराईच्या वाटेवर लावायच्या माहितीफलकांचा मजकूर मराठीत करण्याचे काम माझ्याकडे आले होते. बाकी सारे सरळ होते, पण एका वाक्याशी मी अडले. उंच झाडांच्या माथ्यांखाली आणि जमिनीच्या वर जी सावलीने भरलेली, ओलसर, मोकळी जागा असते, तिथली हवा ऐन वैशाखातही गार राहते, असा त्या वाक्याचा आशय होता. त्या जागेला मूळ इंग्रजी मजकुरात एक सुटसुटीत नाम होते. मला मात्र ‘झाडाखाली’ एवढेच सुचत होते, आणि ते नाम नव्हे. आंतरजालावरील एका भाषांतर-सेवेने ‘छत’ असा शब्द सुचवला, पण छत ही वरची वस्तू झाली. मला हवी होती ती छताखालची जागा. या एका शब्दाच्या शोधात मी तीन आठवडे शिकागो विद्यापीठाच्या ‘डिजिटल डिक्शनरीज ऑफ साउथ एशिया’ या कोशसंग्रहात वावरले. हे परीक्षण त्या अनुभवावर आधारलेले आहे. मराठीत लिहिणाऱ्या, भाषांतर करणाऱ्या किंवा मराठी शिकवणाऱ्या प्रत्येकाला ही सेवा ठाऊक असावी, असे मला मनापासून वाटते.

ही सेवा पूर्णपणे विनामूल्य आहे. नाव नोंदवावे लागत नाही आणि शब्द वाचताना मध्ये जाहिरातीही येत नाहीत. दक्षिण आशियातील अनेक भाषांचे कोश तिथे आहेत. त्यांपैकी मराठीचे पाच मी सतत वापरले: मोल्सवर्थ यांच्या मराठी-इंग्रजी कोशाची १८५७ ची दुसरी आवृत्ती, श्रीधर गणेश वझे यांचा १९११ चा शालेय कोश, यशवंत रामकृष्ण दाते आणि चिंतामण गणेश कर्वे यांनी १९३२ पासून खंडाखंडांनी प्रसिद्ध केलेला ‘महाराष्ट्र शब्दकोश’, मॅक्सीन बर्नसन यांचा १९८० च्या दशकातील कोश, आणि शं. गो. तुळपुळे व अ‍ॅन फेल्डहाउस यांचा १९९९ चा जुन्या मराठीचा कोश. या पाचांची कालमर्यादा लक्षात घेतली तर एखाद्या शब्दाचा यादवकाळापासून विसाव्या शतकापर्यंतचा प्रवास घरबसल्या तपासता येतो. पूर्वी त्यासाठी मोठ्या ग्रंथालयात जाऊन जाडजूड खंड टेबलावर मांडावे लागत.

शोधाची सोय दोन प्रकारची आहे, आणि त्यांतील दुसरा प्रकार हे या सेवेचे खरे बळ आहे. पहिल्या प्रकारात मराठी शब्द द्यावा आणि त्याची नोंद वाचावी. छापील कोशातही आपण तेच करतो. दुसऱ्या प्रकारात नोंदींच्या संपूर्ण मजकुरात शोध घेता येतो. त्यामुळे मोल्सवर्थच्या कोशात सावली, झाड, वेलींचा मांडव या अर्थांचे इंग्रजी शब्द घातले की ज्या ज्या मराठी शब्दांच्या अर्थात ते आले आहेत, ते सारे समोर येतात. ज्याला शब्दच ठाऊक नाही आणि केवळ अर्थ हाताशी आहे, त्याच्यासाठी याहून उपयोगी साधन मला माहीत नाही. छापील मोल्सवर्थ माझ्याकडे कित्येक वर्षे आहे, पण अशा उलट्या दिशेने तो कधीच वाचता आला नव्हता.

मोल्सवर्थ हे ईस्ट इंडिया कंपनीच्या सैन्यात अधिकारी होते. जॉर्ज आणि थॉमस कँडी या जुळ्या भावांच्या आणि मराठी पंडितांच्या साहाय्याने त्यांनी सिद्ध केलेल्या कोशाची पहिली आवृत्ती १८३१ मध्ये निघाली. बोलीतील, शेतातील, स्वयंपाकघरातील आणि बाजारातील शब्दांना त्या काळच्या पंडिती मराठीच्या बरोबरीने जागा देणारा हा कोश आहे, आणि झाडाखालच्या जागेचा शब्द शोधताना हाच गुण सर्वांत जास्त कामी आला. अशी जागा ग्रंथांत कमी आणि गावात जास्त आढळते.

पहिला शब्द हाती आला तो ‘पार’. वडाच्या किंवा पिंपळाच्या बुंध्याभोवती दगडांनी बांधलेला ओटा म्हणजे पार, हे प्रत्येक मराठी माणसाला ठाऊक असते. तरी नोंदी शांतपणे वाचल्यावर दोन गोष्टी लक्षात आल्या. एक म्हणजे नदीचा पलीकडचा काठ दाखवणारा ‘पार’ आणि झाडाभोवतीचा ‘पार’ हे वेगळे अर्थ आहेत, आणि शोध घेताना ते एकापाठोपाठ येत असल्यामुळे गफलत होऊ शकते. दुसरी गोष्ट अधिक महत्त्वाची आहे. पार हे नाव माणसाने बांधलेल्या वस्तूचे आहे. झाड नसलेल्या ओट्याला पार म्हणत नाहीत आणि ओटा नसलेल्या झाडाखालच्या जागेलाही पार म्हणत नाहीत. झाड, दगड आणि बसणारी माणसे अशा तिन्ही गोष्टी जुळल्या की पार होतो. म्हणूनच पारावर गप्पा होतात, पारावर न्यायनिवाडे होत, वटपौर्णिमेला सुवासिनी पाराभोवती फेऱ्या घालतात आणि पिंपळाच्या पारावर रात्री मुंजा असतो असे मुलांना सांगितले जाते. पुण्याच्या सदाशिव पेठेतील नागनाथ पारासारख्या स्थळनामांत हा शब्द शहराच्या मध्यभागीही टिकून आहे. फलकासाठी मात्र तो चालणार नव्हता, कारण देवराईत कोणी ओटा बांधलेला नाही आणि बांधूही नये.

‘सावली’ने मला सर्वांत जास्त वेळ थांबवले. मराठीत झाडाची सावली आणि माणसाची सावली यांना एकच शब्द आहे. एक सावली आसरा देते, दुसरी पाठ सोडत नाही. हिंदीत छाँव आणि परछाईं असे दोन शब्द आहेत. मराठीतही ‘पडछाया’ आहे, परंतु रोजच्या बोलण्यात ती क्वचितच येते. जुन्या मराठीच्या कोशात ‘साउली’ हे रूप भेटते, आणि संस्कृत छायेचे साउलीत व साउलीचे सावलीत रूपांतर कसे झाले असेल, याचा माग एका बैठकीत काढता येतो. माझ्या दृष्टीने खरी मौज मात्र विभक्तीत होती. आपण ‘सावलीत’ बसतो, तसेच ‘सावलीला’ही बसतो. ‘पारावर’ बसतो, ‘झाडाखाली’ थांबतो, ‘अमराईत’ शिरतो. ज्या जागेला इंग्रजीने एक नाम दिले, ती जागा मराठीने त, ला, वर, खाली या प्रत्ययांत आणि शब्दयोगी अव्ययांत वाटून दिली आहे. माणूस तिथे काय करतो आहे, यावर कोणते रूप येणार हे ठरते. हे कोणत्याही एका नोंदीत लिहिलेले नाही. नोंदींखाली दिलेली उदाहरणे आणि वाक्प्रचार ओळीने वाचत गेले, तेव्हा ते दिसू लागले. म्हणून वापरणाऱ्यांना माझे सांगणे आहे की पहिला अर्थ वाचून नोंद मिटू नये.

‘राई’ने वेगळ्या दिशेला नेले. अमराईचे मूळ आम्रराजी, म्हणजे आंब्यांची रांग, असे सांगितले जाते. म्हणजे राई हे नाव मुळात झाडांच्या ओळीचे आहे. त्याला ‘त’ हा प्रत्यय लागला की ते ओळीच्या आतल्या जागेचे होते. माधव गाडगीळ आणि वा. द. वर्तक यांनी १९७० च्या दशकात पश्चिम घाटातील देवरायांचा अभ्यास प्रसिद्ध केल्यापासून ‘देवराई’ हा शब्द अभ्यासकांच्या लेखनातही रुळला आहे. कोकणाच्या काही भागांत तिलाच ‘देवरहाटी’ म्हणतात. ‘आगर’ हाही याच घरातला शब्द आहे. कोकणात नारळी-पोफळीच्या बागेला आगर म्हणतात आणि गोव्यात ‘कुळागर’. तिथे पोफळींच्या उंच झावळ्यांखाली मिरीचे वेल, केळी आणि जायफळ वाढतात. झाडांच्या माथ्यांखालची जागा रिकामी नसून ती उपजाऊ असते, हे जाणणारे लोक तिला निराळे नाव देत नाहीत, तर सगळ्या बागेलाच एक नाव देतात.

‘कवडसा’, म्हणजे फटीतून आत येणारा उन्हाचा तुकडा, हा माझा आवडता शब्द. तो घराचा आहे, कौलांच्या फटीचा आहे. पण पानांतून जमिनीवर पडणाऱ्या उन्हाच्या ठिपक्यांनाही आपण कवडसे म्हणतो, आणि तसे म्हणताच झाडाखालची जागा घरासारखी होते. फलकावर तो एका वाक्यात वापरला.

शोधाला वळण मिळाले ते ‘डेरेदार’ या शब्दाने. विस्तीर्ण, गोलसर माथ्याच्या वडाला किंवा आंब्याला आपण सहज डेरेदार म्हणतो. डेरा म्हणजे तंबू आणि डेरा म्हणजे ताक घुसळायचे मोठे, फुगीर मातीचे भांडे, असे दोन्ही अर्थ कोशात मिळतात. झाडाला हे विशेषण यांपैकी कोणत्या डेऱ्यावरून लागले असेल, याचा विचार करत मी बराच वेळ बसले. माझा कल भांड्याकडे आहे, कारण डेरेदार या शब्दात फुगीरपणा आहे. पण दोहोंतले काहीही धरले तरी आत पोकळी आहेच. तंबूत माणूस मावतो, भांड्यात ताक मावते.

हा पोकळीचा धागा धरून मी ‘कुंज’ पाहिला. याच संग्रहात फर्ग्युसन महाविद्यालयाचे पहिले प्राचार्य वामन शिवराम आपटे यांच्या संस्कृत-इंग्रजी कोशाची सुधारलेली आवृत्तीही आहे. तिथून मी अमरकोशाकडे गेले. निकुंज आणि कुंज या शब्दांचा अर्थ अमरसिंहाने ‘लतादिपिहितोदरे’ असा दिला आहे: वेली वगैरेंनी ज्याचे उदर झाकले आहे ते. वेलींनी झाकलेली जागा एवढेच न म्हणता त्याने ‘उदर’ हा शब्द योजला, आणि तो वाचताना मला अगदी गहिवरून आले. मला हवी असलेली जागा दीड हजार वर्षांपूर्वी पोट म्हणून ओळखली गेली होती.

आता या सेवेच्या मर्यादांविषयी. संकेतस्थळाची रचना इंग्रजीत आहे, आणि पाच मराठी कोशांपैकी केवळ दाते-कर्वे यांच्या कोशात अर्थ मराठीतून दिलेले आहेत. बाकीचे चारही अर्थ इंग्रजीतून सांगतात. ज्यांचे इंग्रजी कच्चे आहे, अशा वाचकांसाठी आणि शाळेतील मुलांसाठी यामुळे उपयोग बराच घटतो. त्यांनी थेट ‘महाराष्ट्र शब्दकोश’च उघडावा. दुसरी मर्यादा काळाची आहे. जंगलातील झाडोऱ्याचे थर, त्यांचे माथे, मधली जागा या परिसरविज्ञानाच्या कल्पना हे जुने कोश रचले गेले तेव्हा मराठीत आल्याच नव्हत्या, त्यामुळे त्यांच्यासाठीचे शब्द तिथे शोधू नयेत. मारुती चितमपल्ली यांनी पक्ष्यांच्या वसाहतींसाठी ‘काकागार’ आणि ‘सारंगागार’ असे शब्द दिले, तशी भर अलीकडची आहे. ती त्यांच्या पुस्तकांतून आणि शासनाच्या परिभाषा कोशांतून स्वतंत्रपणे शोधावी लागते. जिवंत बोली तर कोणत्याच कोशात पुरती मावत नाही. मोल्सवर्थची वर्णने वाचताना त्या काळच्या परक्या शासकाची दृष्टीही अधूनमधून जाणवते, विशेषतः जाती आणि श्रद्धा यांच्या नोंदींत. त्या नोंदी तशाच जाणतेपणाने वाचाव्यात.

नव्याने वापरणाऱ्यांसाठी क्रम सांगायचा तर, शब्द ठाऊक असेल तर आधी दाते-कर्वे पाहावा. अर्थ ठाऊक असून शब्द सुचत नसेल तर मोल्सवर्थच्या संपूर्ण मजकुरात शोध घ्यावा. शब्द जुना वाटला तर तुळपुळे-फेल्डहाउस पाहावा. आजचा साधा, बोलण्यातला अर्थ हवा असेल, किंवा कोणी मराठी शिकत असेल, तर बर्नसन यांचा कोश चांगला. नोंदीबरोबर छापील पानाचा क्रमांक दिलेला असतो. तो टिपून ठेवावा म्हणजे पुढे संदर्भ देताना अडचण येत नाही. शब्द देवनागरीत टंकूनच शोधावा, म्हणजे ऱ्हस्व-दीर्घाची चूक लगेच कळते. माझ्याकडून ‘कवडसा’ एकदा ‘कवडासा’ असा टंकला गेला आणि काहीच हाती लागले नाही. दोष माझाच होता.

फलकाचा मजकूर पक्का करण्याआधी मी देवराईत एकदा जाऊन आले. वाटेवर गुरवकाका भेटले. बाहेर चप्पल काढायला सांगून ते मला आत घेऊन गेले. गारंबीचे जाड वेल एका झाडावरून दुसऱ्या झाडावर गेले होते, वर आकाश नव्हते आणि पायांखाली ओला पालापाचोळा होता. इथल्या या जागेला तुम्ही काय म्हणता, असे मी त्यांना विचारले. “काय म्हणणार? राईच्या पोटात आलोय आपण,” ते म्हणाले, “म्हणून गार लागतंय.”

फलकावर आता तेच वाक्य आहे: “राईच्या पोटात वैशाखातही हवा गार राहते.”