ब्लॅकपूल–फ्लीटवूड ट्रॅम: समुद्राची बाजू सोडून बसा

इंग्लंडच्या वायव्य किनाऱ्यावरच्या ब्लॅकपूलला येणारे बहुतेक पाहुणे ट्रॅम घेतात ती ब्लॅकपूल टॉवर ते प्लेझर बीच हे करमणूक उद्यान, एवढ्यापुरतीच. तेवढ्या टप्प्याला ही सेवा सोयीची आहेच, पण तिची खरी ओळख पटते ती दक्षिण टोकाचा स्टार गेट थांबा ते उत्तर टोकाचा ‘फ्लीटवूड फेरी’ थांबा हा सुमारे 18 किलोमीटरचा पूर्ण मार्ग केल्यावर. साधारण तासभर लागतो. हा किनारा कसा भरभराटीला आला आणि कसा खचला, हे एका बैठकीत दाखवणारी दुसरी सोय इथे नाही.

उत्तरेकडे जाताना समुद्र डाव्या हाताला असतो आणि गर्दी तिकडेच पळते. तुम्ही उजवीकडे बसा. वाळू आणि लाटा खाली उतरूनही दिसतात. मात्र किनाऱ्याला तोंड करून उभी असलेली हॉटेलांची आणि खानावळीवजा घरांची सलग रांग ट्रॅमच्या उंचीवरूनच नीट वाचता येते. पुढे आलेल्या खिडक्या, वर वाढवलेला मजला, एकाच दारावर चार-पाच घंट्या. जिथे घंट्या जास्त, तिथे पाहुण्यांच्या खोल्यांची भाड्याची बिऱ्हाडं झाली आहेत असं समजायला हरकत नाही.

ही घरं उभी राहिली ती रेल्वे आणि कापडगिरण्यांच्या जोरावर. 1846 मध्ये रेल्वे आली. लँकेशर या इथल्या परगण्यातलं प्रत्येक गिरणीगाव वर्षातून एकदा आठवडाभर बंद ठेवायची पद्धत होती. त्याला ‘वेक्स वीक’ म्हणत. गावांचे आठवडे वेगवेगळे असल्यामुळे एक गाव परतलं की दुसरं यायचं आणि घरमालकिणींच्या खोल्या उन्हाळाभर भरलेल्या राहायच्या. नॉर्थ पिअर हा समुद्रात शिरलेला धक्का 1863 चा, विंटर गार्डन्स हे करमणुकीचं संकुल 1878 चं, 158 मीटरचा टॉवर 1894 चा. पुढे 1960 च्या दशकापासून विमानासकट स्पेनची सहल सामान्य कामगाराच्या आवाक्यात आली आणि त्याच काळात गिरण्याही बंद पडत गेल्या. गिऱ्हाईक दुसरीकडे वळलं, एवढंच घडलं नाही. ज्या सुट्टीवर सगळा हिशेब उभा होता ती सुट्टीच मोडली. रिकाम्या खोल्या मग स्वस्तात भाड्याने गेल्या, कमाईची वानवा असलेले लोक तिथे आले आणि डागडुजी थांबली. 2019 च्या सरकारी निर्देशांकात इंग्लंडमधल्या सर्वांत वंचित 10 वस्त्यांपैकी 8 ब्लॅकपूलमधल्या होत्या. त्यांतल्या कित्येक गल्ल्या या रुळांपासून चालत काही मिनिटांवर आहेत.

आता गाडीबद्दल. 2012 मध्ये सुमारे 10 कोटी पौंड खर्चून मार्ग नव्याने बांधला गेला आणि बोम्बार्डियरच्या फ्लेक्सिटी 2 गाड्या आल्या. लांबी 32 मीटर, पाच जोडलेले भाग, 74 आसनं. फलाट आणि गाडीचा तळ एका पातळीत असल्यामुळे चाकाची खुर्ची किंवा बाबागाडी उचलावी लागत नाही. जुन्या उंच पायऱ्यांच्या गाड्यांपुढे हा फरक फार मोठा आहे. थांबे मात्र कमी झाले, त्यामुळे म्हाताऱ्या माणसांना काही ठिकाणी जास्त चालावं लागतं. गाडीत कंडक्टर येऊन तिकीट देतो, कार्डही चालतं. दोनपेक्षा जास्त वेळा चढायचं असेल तर दिवसभराचा पास घ्या, तो त्याच कंपनीच्या बसलाही चालतो. मोठ्या बॅगांना जागा तोकडी आहे आणि स्वच्छतागृह नाही.

रेल्वेने येणाऱ्यांसाठी जून 2024 पासून टॅल्बट रोडवरून ब्लॅकपूल नॉर्थ स्टेशनापर्यंत फाटा सुरू झाला आहे. चढताना पाटी वाचा: प्रत्येक गाडी स्टेशनाला जात नाही, नॉर्थ पिअरला बदलावी लागू शकते. हा फाटा लागला त्याचं मूळ 1964 मध्ये आहे. टॉवरच्या पायथ्याशी उतरवणारं 14 फलाटांचं सेंट्रल स्टेशन त्या वर्षी बंद केलं गेलं. समुद्रावर अवलंबून असलेल्या गावाचा समुद्राजवळचा दरवाजाच बंद करणं, हा त्या काळातला आमच्या मते सर्वांत वाईट निर्णय.

बिघाडाचं सांगायचं तर इथला खरा वैरी वाळू आहे. 1885 मध्ये ही ट्रॅम सुरू झाली तेव्हा वीज रस्त्याखालच्या खाचेतून घेतली जायची. खाचेत वाळू आणि खारं पाणी शिरून वीज गळायची, म्हणून 1899 मध्ये डोक्यावरची तार आली. वाळू आजही छळते, विशेषतः स्टार गेटच्या बाजूला: पश्चिमेचा वारा सुटला की रुळांची खाच भरते आणि ती साफ करावी लागते. वादळी भरतीत लाटा थेट प्रॉमेनेडवर, म्हणजे किनाऱ्यालगतच्या फिरायच्या रस्त्यावर येतात, तेव्हा खोळंबा धरूनच निघा. शरद ऋतूतल्या रोषणाईच्या दिवसांत संध्याकाळी टॉवरपाशी चढायचा हट्ट नको. प्लेझर बीचच्या दक्षिणेला किंवा थेट उत्तरेकडच्या बिस्पमला चढलात तर बसायला जागा मिळते.

बिस्पम, क्लीव्हलीज ओलांडलं की पर्यटक उतरून गेलेले असतात आणि गाडीत बाजाराच्या पिशव्या दिसू लागतात. रोजच्या या प्रवाशांमुळे सेवा हिवाळ्यातही टिकून आहे. फ्लीटवूडला रूळ सरळ बाजारपेठेच्या रस्त्यात, लॉर्ड स्ट्रीटवर शिरतात. एखादी मोटार रुळाला लागून उभी असली की अख्खी ट्रॅम थांबते.

फ्लीटवूडची पडझड ब्लॅकपूलच्याही आधीची. पीटर हेस्केथ-फ्लीटवूड यांनी डेसिमस बर्टन या वास्तुकाराकडून 1830 च्या दशकात हे गाव आखून घेतलं. 1840 मध्ये रेल्वे आली. लंडनहून निघालेला प्रवासी इथे बोटीत बसून स्कॉटलंडला जायचा. त्याच्यासाठी बांधलेलं नॉर्थ यूस्टन हॉटेल फेरीच्या थांब्याजवळच आहे. 1848 पर्यंत स्कॉटलंडची रेल्वे डोंगरातून सलग झाली आणि बोटीचं कारण संपलं. मग मासेमारीने गाव सावरलं, ते 1976 मध्ये आइसलंडच्या समुद्रातली मासेमारी हातची जाईपर्यंत. प्रवासी रेल्वे त्याआधीच, 1970 मध्ये गेली. आता या गावाला रुळांची जोड आहे ती फक्त ट्रॅमची.

फारोस स्ट्रीटच्या मधोमध उभं असलेलं दीपगृह गाडीतूनच अगदी जवळून दिसतं. त्याचा जोडीदार खाली किनाऱ्यावर आहे; दोन्ही दिवे एकावर एक दिसले की बोट वायर नदीच्या सुरक्षित वाटेवर आहे, अशी ती रचना. दोन्ही पाहायचे तर फेरीच्या थांब्याला उतरून अर्धा तास हाताशी ठेवा. फ्लीटवूडचा बाजार आठवड्यातले सगळे दिवस उघडा नसतो, त्यामुळे वार पाहून जा, आणि परतीची शेवटची गाडी थांब्यावरच्या वेळापत्रकात बघून मगच पुढे सरका.