व्लॉगिंग किटवर ऑडिशन: रंगमंचावर नाचणाऱ्यांनी त्यातलं काय ठेवावं, काय बदलावं

दहा इंची रिंग लाइट, सात फुटी स्टँड, मोबाइल होल्डर, ब्लूटूथ रिमोट आणि वायरचा कॉलर माइक. ‘व्लॉगिंग किट’ किंवा ‘यूट्यूबर किट’ या नावाने हा संच मुंबईच्या बोराबाजारात, पुण्याच्या तपकीर गल्लीत आणि ऑनलाइन सगळीकडे मिळतो. खोक्यावरची नावं वेगळी असतात, आतला माल जवळपास तोच. संगीत नाटकांत, लावणीच्या कार्यक्रमांत, मोठ्या संगीतिकांत नाचणाऱ्या मुलामुलींवर मालिका-सिनेमाच्या ऑडिशनचा व्हिडिओ घरून पाठवायची वेळ आली की बहुतेकदा हेच किट घेतलं जातं. त्या एका कामासाठी ते किती चालतं, एवढंच इथे पाहिलं आहे. मत आधीच सांगतो: स्टँड आणि रिमोट ठेवा, लाइट वेगळ्या जागी लावा, होल्डर आणि माइक बदला.

एवढी चिकित्सा का, तर पूर्वी निर्माता थिएटरात यायचा. १९५४ साली ब्रॉडवेवर ‘द पजामा गेम’च्या कोरसमध्ये नाचणारी शर्ली मॅक्लेन ही कॅरल हेनीच्या भूमिकेसाठी राखीव नटी होती. हेनीचा घोटा दुखावला, मॅक्लेन तिच्या जागी उभी राहिली, हॅल वॉलिस या निर्मात्याने तिला पाहिलं आणि १९५५मध्ये ती हिचकॉकच्या सिनेमात होती. तिचा नाच, आवाज, वावर, सगळं त्याने खुर्चीत बसून अनुभवलं. आज नीता मुकेश अंबानी सांस्कृतिक केंद्रातल्या दोन हजार खुर्च्यांच्या ग्रँड थिएटरात नाचणाऱ्यालाही पडद्यावरच्या कामासाठी बहुधा एक-दीड मिनिटाची फाइलच पाठवावी लागते. वर्सोव्याच्या आरामनगरातल्या एखाद्या कास्टिंगच्या ऑफिसात ती लॅपटॉपवर, कधी नुसत्या मोबाइलवर पाहिली जाते. तिथे तुमची वर्षानुवर्षांची तालीम काही इंचांच्या चौकटीतून दिसते. ती चौकट बिघडली तर नाच कितीही चांगला असो, समोरच्यापर्यंत पोचत नाही.

किटची मूळ अडचण अशी की ते टेबलाशी बसून, हातभर अंतरावरच्या मोबाइलशी बोलणाऱ्या माणसासाठी बनवलेलं आहे. नर्तकाला दोन चौकटी लागतात. संवादासाठी छातीपासून वरचा मिड शॉट, आणि ओळख व नाचासाठी डोक्यापासून पायाच्या बोटांपर्यंतची फुल लेंग्थ. या दोन्हींत मोबाइल, लाइट आणि माइक यांच्या जागा वेगळ्या असतात. किट मात्र लाइटच्या कड्यातच मोबाइल अडकवायला सांगतं. पहिली चूक तिथेच होते.

मोबाइल त्या कड्यातून बाहेर काढा. मिड शॉटसाठी तो तीन फुटांवर ठेवून साध्या लेन्सने टिपला तर नाक मोठं आणि कान मागे गेलेले दिसतात. सहा फुटांवर ठेवा आणि कॅमेऱ्याचा २एक्स झूम वापरा. चेहरा खराखुरा दिसतो. फुल लेंग्थ आडव्या चौकटीत घ्यायची तर १एक्सवर दहा फूट लागतात. हात वर जाणार असतील किंवा उडी असेल तर बारा. मुंबईच्या दहा बाय दहाच्या खोलीत हे बसत नाही. मग लोक ०.५एक्स लावतात, आणि कडेला गेलेले हातपाय लांबट, वाकडे दिसतात. नर्तकाच्या शरीराची प्रमाणंच बिघडवणारी ती लेन्स या कामाला नको. त्यापेक्षा तालमीच्या हॉलमध्ये सगळे यायच्या आधी पंधरा मिनिटं मागून घ्या. उभी चौकट पाठवायची ती तसं स्पष्ट लिहिलेलं असेल तेव्हाच.

मोबाइल सहा फुटांवर गेला की लाइटही तिथेच राहायला नको. दहा इंची कड्याचा उजेड दोन फुटांवरून पुरेसा असतो. सहा फुटांवर नेला की सुमारे नववा हिस्सा उरतो. मग मोबाइल आपणहून चित्र उजळवतो आणि चित्रात वाळूसारखे दाणे दिसू लागतात. शिवाय समोरून आलेला गोल उजेड चेहऱ्याचे सगळे उंचसखल भाग सपाट करतो आणि बुबुळांत पांढरी कडी उमटवतो. पापणी जराशी लवली, नजर किंचित हलली, हे ज्या डोळ्यांत दिसायला हवं तिथे बघणाऱ्याला आधी लाइट दिसतो. म्हणून लाइट चेहऱ्यापासून अडीच-तीन फुटांवर, पंचेचाळीस अंशात बाजूला, डोळ्यांच्या थोडा वर लावा आणि पुढे बटर पेपरचा एक थर चिकटवा. दुसऱ्या बाजूला थर्माकोलचा पांढरा तुकडा धरला की सावली मऊ होते. छताची ट्यूब बंद; दोन रंगांचे उजेड एकत्र आले की अर्धा गाल पिवळा आणि अर्धा निळसर दिसतो. फुल लेंग्थला हा लाइट पुरणारच नाही. त्यासाठी खिडकीसमोर, दिवसा, उन्हाची तिरीप थेट अंगावर न घेता टिपा.

आपल्याकडे वीज ५० हर्ट्झची, म्हणून स्वस्त एलईडीखाली सेकंदाला ३० फ्रेमने टिपलं तर कधीकधी पट्टे सरकताना दिसतात. मोबाइलमध्ये २५ फ्रेमची सोय असेल तर ती घ्या. आयफोनमध्ये सेटिंग्ज, कॅमेरा, रेकॉर्ड व्हिडिओ इथे ‘शो पाल फॉरमॅट्स’ सुरू केलं की ती दिसते. सेटिंग हाताने ठरवता येणारा प्रो मोड असेल तर शटर १/५० किंवा १/१०० सेकंद. मग स्क्रीनवर दिसणाऱ्या चेहऱ्यावर बोट दाबून धरा आणि फोकस-उजेड लॉक करा. नर्तकाला हे दुसऱ्या कुणाहीपेक्षा जास्त लागतं, कारण हात चेहऱ्यासमोरून गेला की लॉक नसलेला कॅमेरा हातावर जातो, परत यायला वेळ घेतो, आणि नेमका भाव धूसर होतो.

स्टँड बरा आहे. पाइप बारीक असले तरी पाय पूर्ण पसरले आणि मधल्या नळीला दोन लिटरची भरलेली बाटली टांगली की तो हलत नाही. लाकडी जमिनीवर तत्कार किंवा ठेका सुरू झाला की मात्र हादरा थेट मोबाइलला पोचतो. पायांखाली दुमडलेली सतरंजी घाला. होल्डरचं तसं नाही. त्याचा गोळा प्लॅस्टिकचा असतो, वजनदार मोबाइल हळूहळू मान टाकतो. टेकच्या सुरुवातीला डोळे चौकटीच्या वरच्या तिसऱ्या हिस्स्यावर असतात आणि शेवटी कपाळ कापलं गेलेलं असतं. पाव इंची स्क्रूचा धातूचा होल्डर वेगळा घ्या. रिमोट चांगला. तो दाबतानाचा भाग नंतर व्हिडिओतून कापून टाका आणि नाण्याएवढा सेल जास्तीचा ठेवा.

आता माइक. चित्र जरा कमीजास्त असलं तरी बघणारा सांभाळून घेतो, पण संवाद ऐकू आला नाही की तो पुढे बघत नाही. किटमधल्या माइकची वायर सहसा दीड मीटर असते आणि मोबाइल आता सहा फुटांवर गेला आहे. सहा मीटर वायरचा बोया बीवाय-एम१ हा जुना, सगळीकडे मिळणारा माइक या कामाला पुरतो. त्यावर स्मार्टफोन आणि कॅमेरा असं बटण आहे, ते स्मार्टफोनकडे हवं. उलटं राहिलं तर माइक लावूनही आवाज नीट येत नाही. मोबाइलला हेडफोनचं ३.५ मिमीचं भोक नसेल तर टाइप-सी जोडणी घ्यावी लागते, आणि ती माइक चालवणारी आहे ना हे दुकानातच तपासा. काही जोडण्या फक्त ऐकण्यासाठी असतात. तपासायची सोपी पद्धत म्हणजे रेकॉर्ड सुरू करून माइकवर नखाने खरवडा आणि ऐका. खरखर जवळून, मोठी आली तर माइक चालू आहे. लांबून आली तर मोबाइल स्वतःच्याच माइकने ऐकतो आहे.

माइक हनुवटीच्या वीतभर खाली लावा. नऊवारीच्या काठावर किंवा जरीवर लावला तर प्रत्येक श्वासाला खसखस होते. सुती ब्लाउजच्या आतल्या बाजूने टेपने चिकटवा. बांगड्या, पैंजण, लांब कानातले काढा. नाचाच्या व्हिडिओत वायरचा माइक नकोच. गाणं स्पीकरवर लावा, मोबाइलच्या माइकने टिपा, आणि स्पीकर मोबाइलच्या मागे ठेवा. घुंगरू असतील तर मोबाइल जवळ नेऊ नका, आवाज फुटतो.

यापुढे जे बिघडतं त्याला कुठलंही किट जबाबदार नाही, पण ते समजल्याशिवाय किटचा उपयोग होत नाही. रंगमंचावर आवाज शेवटच्या रांगेपर्यंत न्यायची सवय असते. तोच आवाज वीतभर अंतरावरच्या माइकमध्ये गेला की मोबाइल घाबरल्यासारखा आवाज दाबतो, आणि तुम्ही थांबलात की पंख्याची घरघर वर येते. संवाद तीन फुटांवर बसलेल्या एका माणसाला सांगा. तो माणूस खरोखर तिथे बसवा. समोरच्याच्या ओळी वाचणारं कुणीतरी किटमध्ये मिळत नाही, पण तेच सगळ्यांत गरजेचं. त्याने लेन्सच्या अगदी शेजारी, तुमच्या डोळ्यांच्या उंचीवर बसावं आणि तुमच्यापेक्षा हळू वाचावं. तो लांब बसला तर तुमची नजर चौकटीबाहेर जाते आणि अर्धा चेहरा हरवतो.

नजरेचीच दुसरी सवय म्हणजे बाल्कनी. रंगमंचावर हनुवटी थोडी वर आणि डोळे प्रेक्षकांच्या डोक्यावरून दूर ठेवायला शिकवतात. मिड शॉटमध्ये त्याने नाकपुड्या दिसतात आणि माणूस कुणाशीच बोलत नाही असं वाटतं. हनुवटी एक बोट खाली आणा. ओठांवरची मात्राही बघा. समूहनृत्यात वर्षं काढलेल्यांचे ओठ नकळत आठापर्यंत मोजत असतात. सभागृहात ते कुणालाच दिसत नाही. इथे आधी तेच दिसतं. समेवर येताना भुवया उंचावणं, प्रवेशाबरोबर चेहऱ्यावर बसवलेलं हसू, हशा-टाळ्यांसाठी सोडलेली जागा, यांचंही तेच. त्या जागेत कॅमेऱ्यासमोर काहीच घडत नाही आणि संवाद रेंगाळतो.

उभं राहण्याची ढबही बदलावी लागते. पाय बाहेर वळवून, वजन एका पायावरून दुसऱ्यावर नेत उभं राहणं नर्तकाला स्वाभाविक वाटतं. चौकटीत मात्र डोकं घड्याळाच्या लंबकासारखं हलतं. जमिनीवर टेपची खूण करा, टाचा तिथे टेकवा, गुडघे किंचित सैल सोडा. जमत नसेल तर पाठ नसलेल्या स्टुलावर बसा. हात चौकटीच्या खालच्या कडेवरून अर्धवट आत-बाहेर करू देऊ नका. एक तर पूर्ण आत आणा, नाही तर मांडीवर राहू द्या.

उलट काही बाबतींत नर्तक इतरांच्या कितीतरी पुढे असतो आणि ते व्हिडिओत दाखवलंच पाहिजे. खाली न बघता खुणेवर येऊन थांबणं बाकीच्यांना अवघड जातं. तुम्ही पावलं मोजून सहज येता. शूटिंगमध्ये तोच प्रसंग वेगवेगळ्या कोनांतून पुन्हा पुन्हा घेतात. पेला नेमक्या कुठल्या शब्दावर उचलला होता ते दर वेळी तसंच व्हावं लागतं, नाही तर संकलनात तुकडे जुळत नाहीत. ज्याच्या अंगात आवर्तनं मुरली आहेत त्याला हे चटकन साधतं. म्हणून ऑडिशनच्या प्रसंगात एखादी साधी कृती ठेवा: दुपट्ट्याची घडी घालणं, चहा ओतणं. लय आपोआप दिसते.

किटबरोबर हिरवा पडदा फुकट आला तर तो बाजूला ठेवा. तो चमकतो, सुरकुततो आणि त्वचेवर हिरवट झाक पाडतो. मंगळदास मार्केटमधून राखाडी किंवा फिकट निळ्या रंगाचं, चमक नसलेलं जाड सुती कापड घ्या. तीन मीटर पुरे. आदल्या दिवशी इस्त्री करा आणि त्याच्यापासून तीन-चार फूट पुढे उभे राहा, म्हणजे सावली मागे पडत नाही.

क्रम असा ठेवा: आधी ओळख, म्हणजे नाव, उंची, शहर आणि कुठल्या भाषा बोलता, मग समोरून, डावी बाजू, उजवी बाजू, फुल लेंग्थ, मग प्रसंग. नाच मागितला असेल तरच, आणि तो वेगळ्या फाइलमध्ये. ऑडिशनसाठी कुणी पैसे मागितले तर तिथेच थांबा.

फाइल १०८० पिक्सेलची, आडवी, नाव आणि भूमिका लिहून जतन केलेली. व्हॉट्सॲपवर साधा व्हिडिओ म्हणून पाठवली तर तो दाबून धूसर करतो. डॉक्युमेंट म्हणून पाठवा. ड्राइव्हची लिंक असेल तर ‘लिंक असलेल्या कुणालाही’ हा पर्याय निवडा आणि दुसऱ्याच्या मोबाइलवर ती उघडून बघा. सगळं नीट टिपूनही परवानगीचं कुलूप राहिल्यामुळे न पाहिलेल्या फाइली बऱ्याच असतात. ती परवानगी मागणारी मेल कास्टिंगवाला पाठवत बसत नाही.