पॅकर्सचा २०२३ चा हंगाम पुण्यातून: पाच महिने बघितल्यानंतरचा अनुभव

ग्रीन बे पॅकर्स या अमेरिकन फुटबॉल संघाचे सामने बघायला सप्टेंबरात वर्षभराचं सबस्क्रिप्शन घेतलं तेव्हा घरातून पहिला प्रश्न आला, "रॉजर्स गेला ना? मग आता कशाला?" प्रश्न रास्त होता. २०१५ ते २०२१ आम्ही अमेरिकेत, विस्कॉन्सिन राज्यातल्या अ‍ॅपलटनला होतो, ग्रीन बेपासून जेमतेम अर्ध्या तासावर. त्या गावांमध्ये रविवारी दुपारी किराणा दुकानंसुद्धा ओस पडतात. क्वार्टरबॅक, म्हणजे पास फेकून आक्रमण चालवणारा मुख्य खेळाडू, आरन रॉजर्सशिवाय पॅकर्स ही कल्पनाच तिथे कुणाला करवत नव्हती. एप्रिल २०२३ मध्ये त्याला न्यूयॉर्क जेट्सकडे पाठवलं आणि गादीवर जॉर्डन लव्ह आला. तिथेच असतो तर सोडून दिलं असतं कदाचित. १३,००० किलोमीटर लांब आल्यावर मात्र ते सोडवेना. म्हणून पैसे भरले, आणि जानेवारीच्या शेवटापर्यंत एकही सामना चुकवला नाही. हा अनुभव लिहायचं कारण एवढंच की स्थित्यंतरातला संघ बघावा की नाही, आणि बघायचा तर कसा, याबद्दल आता माझं ठाम मत झालं आहे.

थोडी पार्श्वभूमी. १९९२ ते २००७ ब्रेट फार्व्ह, २००८ पासून २०२२ पर्यंत रॉजर्स. एकतीस हंगामांत क्वार्टरबॅकच्या जागेवर मुख्य माणसं दोनच. लव्हला २०२० च्या ड्राफ्टमध्ये, म्हणजे नवे खेळाडू निवडण्याच्या वार्षिक फेऱ्यांमध्ये, सव्विसाव्या क्रमांकावर घेतलं आणि तीन वर्षं बाकावर बसवलं. त्यातच बाकीचा संघही लीगमधला सर्वांत तरुण. चेंडू झेलणारे रिसीव्हर सगळे पहिल्या किंवा दुसऱ्या वर्षाचे. डावीकडून क्वार्टरबॅकची पाठ राखणारा अनुभवी बाख्तियारी पहिल्या सामन्यानंतर गुडघ्यामुळे बाहेर, त्याच्या जागी सातव्या फेरीत घेतलेला रशीद वॉकर. हे सगळं एका मालकाच्या लहरीवर चाललेलं नसतं, हे मला या संघाचं फार आवडतं. पॅकर्सला मालकच नाही. पाच लाखांहून जास्त भागधारक आहेत, त्यांना लाभांश मिळत नाही, आणि गावाची वस्ती एक लाखाच्या थोडी वर. आमचे अ‍ॅपलटनचे शेजारी त्यातला आपला एक शेअर फ्रेम करून दिवाणखान्यात लावून बसले होते.

आता प्रत्यक्ष अनुभव. गणपतीतल्या रविवारी, २४ सप्टेंबरला, आरती आटोपून साडेदहाला सेंट्सविरुद्धचा सामना लावला. चौथा, म्हणजे शेवटचा क्वार्टर सुरू झाला तेव्हा सेंट्स १७-० ने पुढे. लव्हचे पास रिसीव्हरच्या डोक्यावरून जात होते. बाबा शेजारी बसले होते. तरुणपणी क्लबचं क्रिकेट खेळलेला माणूस, त्यांना या खेळाचे नियम अर्धेच कळतात, पण शरीर कळतं. ते म्हणाले, "हा पोरगा सारखा मागच्या पायावर का जातोय? पुढे येऊन मारायला हवं ना." मी तो पास परत लावला. खरंच, समोर कुणी अंगावर येत नसतानाही तो मागे कलत फेकत होता. त्याच सामन्यात शेवटच्या अकरा मिनिटांत अठरा गुण काढून १८-१७ असा जिंकले, सेंट्सच्या किकरचा चेंडू लाथेने खांबांमधून मारायचा ४६ यार्डांचा प्रयत्न बाहेर गेला. मी आनंदाने ओरडले, बाबा मात्र पायावरच अडून बसले होते.

आणि ते बरोबर होते. अनंत चतुर्दशीच्या दुसऱ्या दिवशी पहाटे पावणेसहाला, लक्ष्मी रोडवर मिरवणूक अजून चालू असताना, डेट्रॉइटने अर्ध्या वेळेलाच २७-३ करून ठेवलं होतं. पुढे लास वेगासला लव्हचे तीन इंटरसेप्शन, म्हणजे समोरच्या संघाने पकडलेले पास. डेन्व्हर, मिनेसोटा, ओळीने चार पराभव. लक्ष्मीपूजनाच्या रात्री पिट्सबर्गशी २३-१९ ने हरले, शेवटचा पास गोललाईनपाशी दुसऱ्याच्या हातात. तीन विजय, सहा पराभव. पहिल्या नऊ सामन्यांत लव्हचे १४ टचडाऊन (चेंडू समोरच्याच्या शेवटच्या पट्ट्यात पोचवणारे पास) आणि १० इंटरसेप्शन. याच टप्प्यावर अनुभव लिहिला असता तर पैसे वाया गेले असंच लिहिलं असतं.

मध्येच सेवेबद्दल सांगते, कारण निम्मा अनुभव तिच्यावर ठरतो. सामने दाखवणाऱ्या ज्या सेवेचं सबस्क्रिप्शन घेतलं होतं तिचं चित्र चांगलं होतं, पण मुखपृष्ठ उघडलं की रात्रीचा निकाल चौकटीत छापलेला दिसायचा. पहाटे उठून रेकॉर्ड केलेला सामना बघणाऱ्या माणसाचं यात किती नुकसान होतं हे त्यांना कळवलं, दोनदा कळवलं, काही फरक पडला नाही. शेवटी मी सामन्याची थेट लिंक आदल्या दिवशीच जपून ठेवायला लागले. दुसरं म्हणजे चाळीस मिनिटांची कापलेली आवृत्ती. नोकरी करणाऱ्याला सोयीची, पण संघ बदलत असताना ती घेऊ नका. तिच्यात खेळ सुरू होण्याआधीचे ते पंधरा-वीस सेकंद उडवलेले असतात, आणि लव्ह शिकत होता तो तिथेच. समोरचा डिफेन्स वाचून हाताने खूण करणं, रिसीव्हरला जागेवरून हलवणं, उगाच मोठ्याने आरोळी देऊन समोरच्याला हालचाल करायला लावणं. ऑक्टोबरात हे करताना घड्याळ संपत यायचं. नोव्हेंबरात चार-पाच सेकंद शिल्लक असताना चेंडू निघायला लागला. मी हे फक्त पूर्ण सामना बघितला म्हणून पाहू शकले. बावीसच्या बावीस खेळाडू दिसणारा वरचा कोनही अधूनमधून लावत जा. मोकळा सुटलेला रिसीव्हर आणि तो न दिसलेला क्वार्टरबॅक एकाच चित्रात दिसतात.

अमेरिकेतली घड्याळं ५ नोव्हेंबरला मागे गेली की साडेदहाचा सामना साडेअकराला येतो, हे लक्षात ठेवा. पहिल्या आठवड्यात मी तासभर आधीच जागत बसले होते.

थँक्सगिव्हिंग या अमेरिकेतल्या नोव्हेंबरच्या सणाला, आपल्याकडे रात्री अकराला, डेट्रॉइटमध्ये पहिल्याच खेळीत लव्हने ख्रिश्चन वॉटसनला ५३ यार्डांचा पास टाकला. तो पास मी किती वेळा बघितला याची मोजदाद नाही. लव्ह उजवीकडे वळला, मागे कलला नाही, पुढचा पाय रोवला आणि चेंडू सोडला. २९-२२ ने जिंकले. दहा दिवसांनी, ४ डिसेंबरला सकाळी पावणेसातला, चहा गॅसवर असताना कॅन्सस सिटीचा सामना. २०२१ मध्ये लव्ह पहिल्यांदा सुरुवातीपासून खेळला तो याच संघाविरुद्ध, आणि १३-७ हरला होता. या वेळी २७-१९ जिंकला, तीन टचडाऊन. शेवटच्या मिनिटात पॅकर्सच्या बचावपटूने चेंडू येण्याआधीच रिसीव्हरला ढकललं होतं, ती चूक द्यायला हवी होती, आणि पॅकर्सची चाहती असूनही मी हे लिहिते आहे. पण त्या रात्री तो कुणाच्या सावलीतला वाटला नाही. बाबा म्हणाले, "आता पाय नीट पडतोय." त्यांच्याकडून यापेक्षा जास्त कौतुक मी माझ्या दहावीच्या निकालालाही ऐकलं नव्हतं.

डिसेंबरात पुन्हा घसरण झाली, पण या वेळी दोष ऑफेन्सचा, म्हणजे आक्रमणाचा नव्हता. जायंट्सकडून शेवटच्या किकवर २४-२२. मग टँपा बेचा क्वार्टरबॅक बेकर मेफिल्ड लँबो फील्डवर, पॅकर्सच्या घरच्या मैदानावर, येऊन पासिंगचं १५८.३ चं परिपूर्ण रेटिंग काढून गेला. तिथे पाहुण्या क्वार्टरबॅकने असं पहिल्यांदाच केलं. मैदानाचा मधला भाग इतका मोकळा सोडलेला होता की बघवत नव्हता. पुढच्या आठवड्यात कॅरोलायनासारख्या दुबळ्या संघालाही तीस गुण दिले. लँबोवर मी एकदाच डिसेंबरात गेले आहे. अ‍ॅल्युमिनियमच्या थंडगार बाकांवर लोक पायाखाली पुठ्ठा टाकून बसतात, म्हणजे सिमेंटची थंडी वर चढत नाही. त्या माणसांचं मला त्या रविवारी फार वाईट वाटलं.

तरी शेवटचे तीन जिंकून नऊ-आठ झाले आणि सातव्या, म्हणजे अगदी शेवटच्या मानांकनाने प्लेऑफमध्ये, म्हणजे बाद फेरीत घुसले. डॅलसचा सामना आपल्याकडे १५ जानेवारीला पहाटे तीनला होता. संक्रांत. सासूबाईंनी रात्रीच तिळाच्या वड्या थापून ठेवल्या होत्या. डॅलस घरच्या मैदानावर ओळीने सोळा सामने जिंकलेलं, आणि दुसऱ्या क्वार्टरमध्ये फळ्यावर २७-०, पॅकर्सच्या बाजूने. लव्हचे २१ पैकी १६ पास पूर्ण, २७२ यार्ड, तीन टचडाऊन. चेंडू घेऊन धावणाऱ्या आरन जोन्सचेही तीन टचडाऊन. ४८-३२. सातव्या मानांकनाच्या संघाने प्लेऑफचा सामना जिंकण्याची ही पहिलीच वेळ. सहाला उजाडायच्या आत आम्ही तिळगूळ खाल्ला.

सॅन फ्रान्सिस्कोला मात्र २१-१४ ने पुढे असताना हातचा सामना गेला. किकर कार्लसनचा ४१ यार्डांचा प्रयत्न चुकला, आणि शेवटी लव्हने धावत धावत, अंगाच्या उलट दिशेने, मैदानाच्या मध्यात पास फेकला तो ग्रीनलॉने पकडला. २४-२१. सप्टेंबरातली तीच खोड, सर्वांत वाईट वेळी. मला त्याचं दुःख झालं, राग आला नाही. शेवटच्या आठ साखळी सामन्यांत १८ टचडाऊन आणि एकच इंटरसेप्शन दिलेल्या माणसाचा तो पास होता.

तर घ्यावं का? क्वार्टरबॅक बदलत असलेला संघ तुमचा असेल तर वर्षभराचं घ्या, महिन्याचं नको. महिन्याचं घेतलेल्या माझ्या एका मैत्रिणीने ऑक्टोबरात बंद केलं आणि तिला फक्त पडलेला संघ बघायला मिळाला. मी पुढच्या वर्षाचं भरलं आहे. डिफेन्सचे प्रशिक्षक जो बॅरी यांना हंगाम संपताच काढलं, त्यांच्या जागी २०२४ मध्ये बॉस्टन कॉलेजचे जेफ हॅफली आले. सप्टेंबरात पहिला सामना लावला की मी आधी वरचा कोन घेणार आहे आणि मैदानाचा मधला भाग बघणार आहे. बाबा लव्हचे पाय बघतील.