बॅकअपमधला गेम 'पाथ' मागतोय: रजिस्ट्री बदलावी की जंक्शन घालावं?

पुण्याच्या तपकीर गल्लीतून एसएसडी आणली, डी ड्राइव्हवरचा गेमचा फोल्डर तिच्यावर उतरवला आणि आता गेम 'फाइल सापडत नाही' म्हणतोय, कारण तो अजून जुन्याच पाथवर, म्हणजे फोल्डरच्या जुन्या पत्त्यावर शोधतोय. जीओजी या ऑनलाइन गेम-दुकानाचा ऑफलाइन इन्स्टॉलर जपून ठेवला असेल तर सरळ नव्याने इन्स्टॉल करा. पण जुन्या सीडीवरून टाकलेला, वर पॅच आणि मॉड (खेळाडूंनी केलेले बदल) चढवलेला फोल्डर असेल, तर रस्ते दोनच: रजिस्ट्री, म्हणजे विंडोजची सेटिंग्जची नोंदवही, ती बदलणं; किंवा जंक्शन, म्हणजे जुन्या पत्त्यावरून नव्या फोल्डरकडे नेणारी लिंक घालणं.

रजिस्ट्रीत जुना पाथ शोधून नवा लिहिणं हा तसा स्वच्छ उपाय. ६४ बिट विंडोजवर ३२ बिट गेमच्या नोंदी बहुधा 'वॉव६४३२नोड'खाली सापडतात, तिथे आधी बघा. एकाच जागी पाथ लिहिणाऱ्या गेमला एवढं पुरतं.

माझा गेम तसा नव्हता. रजिस्ट्री बदलल्यावर मेनू झकास उघडला, पण सेव्ह लोड करायला गेलं की पुन्हा तोच एरर. तोच जुना पाथ एका आयएनआय फाइलमध्ये, म्हणजे गेमच्या सेटिंग्जच्या फाइलमध्ये होता. तो बदलला तर मॉडच्या यादीत निघाला, मग शॉर्टकटच्या 'स्टार्ट इन'मध्ये. कुठे काय बदललं याची वही ठेवावी लागली, आणि विंडोज नव्याने टाकलं की हे सगळं पुन्हा पहिल्यापासून. इथेच माझं मन जंक्शनकडे झुकलं.

कमांड प्रॉम्प्टमध्ये 'एमकेलिंक /जे', पुढे जुना पाथ, मग नवा. पॉवरशेलमध्ये ही कमांड थेट चालत नाही. गेम जुन्याच पत्त्यावर जातो, एनटीएफएस (ड्राइव्हवर फाइली ठेवायची विंडोजची पद्धत) त्याला नव्या जागेवर पोचवते. गेमच्या एकाही फाइलला हात लागत नाही, हे मला फार मोलाचं वाटतं.

अटी आहेत. जुनं ड्राइव्ह अक्षर अस्तित्वात हवं, तो ड्राइव्ह एनटीएफएस हवा आणि त्या जागी त्याच नावाचा फोल्डर आधीपासून नको. नुसता सी ड्राइव्ह असलेल्या लॅपटॉपवर 'सब्स्ट' कमांडने एखाद्या फोल्डरलाच डी हे अक्षर देऊन डी उभा करता येतो, पण रीस्टार्टला तो नाहीसा होतो. आमच्याकडे गुरुवारी लाइट जाते, तेव्हा डेस्कटॉपवाल्यांनी त्याच्या भरवशावर राहू नये.

दोन्हींच्या आधी एक बघून घ्या: फोल्डरचं नाव देवनागरीत तर नाही? युनिकोड (देवनागरीसह सगळ्या लिप्यांची अक्षरं साठवायची पद्धत) न जाणणारे जुने गेम तिथेच अडतात.

तुमच्या गेमची नोंद एकच असेल तर रजिस्ट्री खुशाल बदला. मी मात्र आता आधी जंक्शनच घालून बघतो. नको झालं तर नुसत्या 'आरडी' कमांडने लिंक जाते, गेमचा फोल्डर जागेवर राहतो.