योनास ब्येरे की माग्ने फुरुहोल्मेन: रॉक आणि दृश्यकला एकत्र अनुभवायची तर सुरुवात कोणापासून करावी?

उत्तर युरोपातील रॉक संगीतात गाणे आणि चित्र ही दोन्ही माध्यमे गांभीर्याने हाताळणारे कलावंत अनेक आहेत. नव्या रसिकाला सर्वांकडे एकदम वळणे शक्य नसते, म्हणून येथे दोघांचीच तुलना केली आहे. पहिले डेन्मार्कचे योनास ब्येरे. ते 'म्यू' या बँडचे गायक होते आणि त्या बँडच्या मैफलींत पडद्यावर दिसणारी चलच्चित्रे त्यांच्याच हातची असत. दुसरे नॉर्वेचे माग्ने फुरुहोल्मेन. 'आ-हा' या जगप्रसिद्ध त्रयीचे ते कीबोर्डवादक आणि गीतकार, आणि त्याच वेळी लाकडी ठशांची मुद्राचित्रे व मृत्तिकाशिल्पे घडवणारे कलावंत. या दोघांची जोडी मनाला येईल तशी लावलेली नाही. २००८ मध्ये स्थापन झालेल्या 'अपाराचिक' या बँडमध्ये, 'कोल्डप्ले' या ब्रिटिश बँडचे गाय बेरीमन आणि स्वीडिश निर्माते मार्टिन तेरेफे यांच्यासह, दोघांनी एकत्र काम केले आहे. त्यामुळे त्यांच्यातील फरक एकाच मंचावर पडताळून पाहता येतो.

डॅनिश रॉकपुरतेच बोलायचे तर लार्स हुग यांचे नाव येथे यायला हवे होते, हा आक्षेप रास्त ठरेल. 'क्लिशे' या बँडपासून पुढे आलेले हुग चित्रकारही आहेत आणि डेन्मार्कमध्ये त्यांचा मान मोठा आहे. तथापि १९८४ मध्ये त्यांनी सोरेन उलरिक थॉमसेन या कवीच्या कविता गाऊन जो गीतसंग्रह (अल्बम) काढला, त्याचा आस्वाद डॅनिश भाषा येत असल्याशिवाय निम्मादेखील घेता येत नाही. ब्येरे आणि फुरुहोल्मेन प्रामुख्याने इंग्रजीत गातात, म्हणून नवख्या माणसासाठी ही जोडी अधिक सोयीची आहे.

'म्यू'ची स्थापना १९९५ मध्ये कोपनहेगनच्या उत्तरेकडील हेलेरुप येथे झाली. ब्येरे यांच्यासह बो मॅडसन, योहान वोलर्ट आणि सिलास योर्गेनसेन असे चौघे त्यात होते. पहिले दोन संग्रह १९९७ आणि २००० मध्ये निघाले. डेन्मार्कबाहेर त्यांची ओळख झाली ती २००३ च्या 'फ्रेंगर्स' या संग्रहामुळे, आणि त्यातील बरीच गाणी आधीच्या दोन संग्रहांतूनच घेऊन नव्याने ध्वनिमुद्रित केलेली होती. ब्येरे यांचा आवाज अतिशय उंच पट्टीतला, जवळजवळ बालकासारखा निर्मळ आहे. त्याच्याखाली वाजणारी गिटार आणि ढोल यांची बांधणी मात्र अवघड, कधी विषम मात्रांची, कधी कानठळ्या बसवणारी असते. या विसंगतीतच त्या संगीताची मोहिनी आहे, असे माझे मत आहे. ज्यांना ती पहिल्या ऐकण्यात खटकते, त्यांनी घाईने निवाडा करू नये.

ब्येरे यांच्या दृश्यकलेचे खरे ठिकाण म्हणजे मैफल. मंचामागच्या मोठ्या पडद्यावर विचित्र प्राणी, बाहुल्यांसारखे उदास चेहरे आणि स्वप्नातल्यासारखी हलती रेखाटने प्रकटत असत. गाण्याचा ताण जसा चढे तसा त्या प्रतिमांचा वावर बदले आणि गाणे संपले की त्याही विरून जात. ही चित्रे गाण्याचे स्पष्टीकरण करत नाहीत. गीतातल्या ओळीत समुद्र आला म्हणून पडद्यावर समुद्र दाखवावा, असला बाळबोध प्रकार तेथे नाही. उलट, शब्दांनी जे सांगितलेले नाही ते चित्र उचलते, आणि त्यामुळे इंग्रजी गीतांचा अर्थ पुरता न कळणाऱ्या श्रोत्यालाही धरून ठेवणारे काही तरी हाती लागते. 'फ्रेंगर्स'च्या अखेरीस असलेले 'कम्फर्टिंग साउंड्स' हे सुमारे नऊ मिनिटांचे गाणे बँड मैफलीच्या शेवटी वाजवत असे. ते संथपणे, एकेक थर चढवत शिखराकडे जाते. अशा दीर्घ चढणीला हलते चित्र किती पूरक ठरते, हे त्या एका गाण्यावरून समजते.

या पद्धतीची किंमतही लक्षात घ्यावी लागते. पडद्यावरील चलच्चित्र आधी तयार केलेले असते आणि त्याची लांबी ठरलेली असते, त्यामुळे त्याच्याशी जुळवून घेताना वादकांना ऐनवेळी एखादा भाग लांबवण्याची मोकळीक कमी उरते. शिवाय ही चित्रे मैफलीपासून तोडून निव्वळ चित्र म्हणून पाहिली तर त्यांचा प्रभाव बराच ओसरतो. मी याला दोष मानत नाही, कारण ती त्यासाठी बनवलेलीच नाहीत. परंतु ज्याला चित्रासमोर शांतपणे, स्वतःच्या गतीने उभे राहायचे आहे, त्याच्यासाठी ही मोठी अडचण आहे. येथे गती नेहमी संगीताच्या हाती असते.

'म्यू'च्या ध्वनिमुद्रणांतही दृश्य विचार जाणवतो. २००५ चा 'अँड द ग्लास हँडेड काइट्स' हा संग्रह असा रचलेला आहे की एक गाणे संपून दुसरे कधी सुरू झाले ते कळू नये. चित्रपटातील एक दृश्य दुसऱ्यात विरघळावे तशी ती जोडणी आहे, आणि म्हणून तो संग्रह सुटी गाणी निवडून ऐकणाऱ्याच्या हाती निम्माच लागतो. २००९ च्या संग्रहाचे नाव तर आठ ओळींची छोटी कविताच आहे. त्यातील 'न्यू टेरेन' हे पहिले गाणे उलटे वाजवले असता 'नर्व्हस' नावाचे वेगळे गाणे ऐकू येते. हा प्रयोग चमत्कृती म्हणून केलेला नसून सुलट आणि उलट या दोन्ही बाजूंनी एकच पृष्ठभाग वाचण्याची ती दृश्यकलावंताची सवय आहे, असे मला वाटते. फुरुहोल्मेन यांच्याकडे गेल्यावर हा मुद्दा पुन्हा उपयोगी पडतो. २०१७ मध्ये बँडने आपल्या संग्रहाला 'व्हिज्युअल्स' हेच नाव दिले, तेव्हा चित्रांचे या संगीतातील स्थान त्यांनी उघडच मान्य केले होते.

फुरुहोल्मेन यांचा जन्म १९६२ मध्ये ऑस्लो येथे झाला. वडील कोरे हे जॅझ वादक होते आणि १९६९ मध्ये विमान अपघातात त्यांचे निधन झाले. १९८५ मधील 'टेक ऑन मी' या 'आ-हा'च्या गाण्याची जी कीबोर्डवरील सुरावट जगभर गुणगुणली गेली, ती फुरुहोल्मेन यांची. या गाण्याच्या पेन्सिलरेखाटनांच्या चित्रफितीविषयी एक गैरसमज आहे. बँडमध्ये चित्रकार असल्यामुळे ती रेखाटने फुरुहोल्मेन यांचीच असावीत असे अनेकांना वाटते. प्रत्यक्षात चित्रफितीचे दिग्दर्शन स्टीव्ह बॅरन यांनी केले होते आणि रेखाटने मायकेल पॅटरसन व कँडेस रेकिंगर यांची होती. तुलनेच्या दृष्टीने ही गोष्ट महत्त्वाची आहे: 'म्यू'च्या पडद्यावर गायकाचा स्वतःचा हात दिसतो, तर 'आ-हा'ची सर्वांत गाजलेली दृश्यकृती बँडमधील चित्रकाराची नाहीच.

फुरुहोल्मेन यांनी आपली दृश्यकला संगीतापासून जाणीवपूर्वक वेगळ्या दालनात ठेवली आहे. लाकडी ठसे हे त्यांचे एक प्रमुख माध्यम असून अक्षरे, तुटके शब्द आणि अर्धवट वाक्ये हा त्यांच्या चित्रांचा आवडता विषय आहे. ठशात अक्षर कोरायचे तर ते आरशात दिसते तसे उलटे कोरावे लागते, तेव्हा कागदावर सुलटे उमटते. गीतकाराने आपलेच शब्द उलटे कोरत बसावे, त्यांचा वेग इतका मंदावावा की त्यांचा अर्थ सुटून केवळ आकार उरावा, यात एक वेगळीच शिस्त आहे. ब्येरे यांनी उलट्या ध्वनीतून जे साधले, ते येथे छिन्नीने साधलेले आहे. साधर्म्य इतकेच, कारण ब्येरे यांचे चित्र वेळेत वाहून जाते आणि फुरुहोल्मेन यांचे चित्र भिंतीवर स्थिर राहते.

त्यांच्या कामाचा व्याप कळण्यासाठी ऑस्लोजवळील फोर्नेबू येथील 'इम्प्रिंट्स' हे काम पाहावे. ऑस्लोचा जुना विमानतळ १९९८ पर्यंत या भागात होता. आता तेथे वसलेल्या नव्या वस्तीत त्यांनी मोठमोठे सिरॅमिक कुंभ उभे केले आहेत आणि त्यांवर अक्षरे व शब्द उमटवले आहेत. हे कुंभ डेन्मार्कमधील टोमेरुप येथील सिरॅमिक कार्यशाळेत घडवले गेले. एका नॉर्वेजियन रॉक संगीतकाराचे सर्वांत भव्य दृश्यकाम डॅनिश भट्टीतून यावे, याची येथे नोंद घ्यायला हरकत नाही. नोकरीनिमित्त ऑस्लोला असलेल्या मराठी वाचकाला हे काम उघड्यावर, तिकीट न काढता पाहता येते. ही सोय ब्येरे यांच्या बाबतीत मिळत नाही.

संगीताच्या बाजूने मात्र तराजू दुसरीकडे झुकतो. 'आ-हा'चे संगीत सुश्राव्य आणि उत्तम बांधणीचे आहे, पण त्यातून फुरुहोल्मेन यांचा दृश्यकलावंत म्हणून स्वभाव उलगडत नाही. त्यासाठी त्यांचे स्वतंत्र संग्रह ऐकावे लागतात. २००४ चा 'पास्ट परफेक्ट फ्यूचर टेन्स' हा त्यांपैकी पहिला सांगण्याजोगा. तो शांत, काहीसा गंभीर आहे आणि शीर्षकातच व्याकरणाशी केलेला खेळ त्यांच्या अक्षरचित्रांशी नाते सांगतो. परंतु त्या संग्रहातील एखादे गाणे ऐकताना त्यांचे चित्र डोळ्यांसमोर येतेच, असे म्हणता येणार नाही. दोन्ही कामे चांगली आहेत आणि शेजारी शेजारी उभी आहेत. ब्येरे यांच्याकडे मात्र गाणे आणि चित्र यांच्यामध्ये भिंतच नाही.

उपलब्धतेचा प्रश्न निर्णायक ठरू शकतो. ब्येरे यांनी २०२४ च्या अखेरीस 'म्यू' सोडण्याचा निर्णय जाहीर केला आणि २०२५ मध्ये बँडच्या निरोपाच्या मैफली झाल्या. म्हणजे ज्या अनुभवासाठी त्यांची शिफारस करावी, तो अनुभव आता प्रत्यक्ष मिळणे कठीण आहे आणि मैफलींच्या चित्रफितींवरच समाधान मानावे लागेल. लहान मोबाइलच्या पडद्यावर त्या पाहू नयेत. शक्य तितका मोठा पडदा, अंधारी खोली आणि बरे ध्वनिवर्धक नसतील तर ब्येरे यांच्या चित्रांवर अन्याय होईल. फुरुहोल्मेन यांच्या कामाला असली पूर्वअट नाही. मुद्राचित्राच्या मर्यादित प्रती निघतात, दालनात त्या पाहता येतात, ऐपत असेल तर विकतही घेता येतात, आणि कलावंताने उद्या गाणे थांबवले तरी त्या भिंतीवर राहतात.

तेव्हा निवड कशी करावी? ज्याला संगीत हेच मुख्य आकर्षण आहे आणि चित्राने त्या संगीतात आणखी खोल उतरवावे एवढीच अपेक्षा आहे, त्याने निःशंकपणे ब्येरे यांच्यापासून सुरुवात करावी. आधी 'फ्रेंगर्स' आणि नंतर 'अँड द ग्लास हँडेड काइट्स' हे दोन्ही संग्रह सलग, मध्ये न थांबता ऐकावेत आणि मगच मैफलीची चित्रफीत पाहावी. चित्र आधी पाहिले तर कान आळसावतात, असा माझा समज आहे, आणि ब्येरे यांच्या बाबतीत तो मला अधिक खरा वाटतो. ज्याला मुळात चित्रकलेची ओढ आहे, रेषेचा आणि अक्षराचा विचार करण्यात आनंद आहे आणि संगीत सोबतीला असले तरी पुरे, त्याने फुरुहोल्मेन यांच्याकडे जावे, आणि 'आ-हा'ची लोकप्रिय गाणी तात्पुरती बाजूला ठेवून मुद्राचित्रांपासून आरंभ करावा. स्वतः गाणे आणि चित्र दोन्ही करू पाहणाऱ्या तरुणाचा प्रश्न जरा वेगळा आहे. ब्येरे यांचा मार्ग त्याला अधिक मोहवेल, पण त्या मार्गाला पडदा, प्रक्षेपक, तंत्रज्ञ आणि बरोबर वाजवणारे समजूतदार साथीदार लागतात. फुरुहोल्मेन यांच्या मार्गाने लाकडाचा एक तुकडा आणि छिन्नी घेऊन एकट्यानेही चालता येते. दोघांपैकी एकाचेच नाव घ्यायचे असेल तर मी ब्येरे यांचे घेईन, कारण रॉक संगीतकार आणि दृश्यकलावंत या दोन ओळखी त्यांच्यात वेगळ्या काढता येत नाहीत, आणि या विषयाकडे वळणाऱ्याला बहुधा तेच हवे असते.

'अपाराचिक' मात्र शेवटी ठेवावे. २०११ मध्ये या बँडने बर्लिनच्या नॉये नॅशनलगॅलरी या कलासंग्रहालयात, म्हणजे वास्तुरचनाकार मीस व्हान डेर रोह यांच्या काचेच्या इमारतीत, हंगेरियन कलावंत लास्लो मोहोली-नॉय यांच्या प्रकाशयंत्राला दाद देणारा प्रयोग केला होता. त्याआधी बर्लिनच्याच ट्रान्समेडियाले या माध्यमकलेच्या महोत्सवात बँडच्या सदस्यांनी चित्रे प्रक्षेपित केलेल्या एका घनाच्या आत उभे राहून वादन केले होते. संगीत कोणते, शिल्प कोणते आणि प्रकाश कोणता हे तेथे मुद्दाम एकमेकांत मिसळलेले असते. ब्येरे यांची हलती प्रतिमा आणि फुरुहोल्मेन यांचा घडीव आकार हे दोन्ही आधी ओळखीचे असतील, तर त्या गोंधळात कोणाचा हात कुठे आहे ते शोधण्यात मजा आहे. ओळख नसताना गेल्यास मात्र तो प्रकार महागडा दिव्यांचा खेळ वाटण्याचीच शक्यता अधिक आहे.