डिस्कॉर्डवर गेमिंगचा कट्टा: तेवीस चॅनल बनवले, पाच उरले

आधी आमची अवस्था सांगतो, म्हणजे हा रिव्ह्यू कुठून येतोय ते कळेल. हॉस्टेलची जुनी गँग, त्यात दोघांचे भाऊ, एकाची बायको, माझी मावसबहीण असं धरून आम्ही ३४ जण. त्यात पीएस५ (सोनीचा प्लेस्टेशन) वाले चार, एक बिचारा अजून पीएस४ वरच, दोघांकडे एक्सबॉक्स, सात-आठ पीसीवाले आणि उरलेली सगळी जनता मोबाईलवर बीजीएमआय, म्हणजे पबजीचा भारतातला मोबाईल गेम. एक जण टोरोंटोला. आणि हे सगळं चालत होतं एकाच व्हॉट्सॲप ग्रुपवर, ज्यात गुड मॉर्निंग, कुणाच्या पोराचा वाढदिवस, सेकंडहँड बाईक विकणे आहे आणि "आज रात्री कोण आहे रे" असं सगळं एकाच ताटात. नऊ वाजता विचारलेल्या प्रश्नाला साडेअकराला "आत्ता पाहिलं" असं उत्तर यायचं, तोवर आम्ही जेवून झोपलेले.

मग म्हणलं बास, डिस्कॉर्ड करू, म्हणजे ते लिहून आणि बोलून गप्पा मारायचं ॲप. दीड वर्ष वापरून लिहितोय, पैसे एक रुपया दिलेला नाही, त्यामुळे हा फुकटवाल्याचा फुकटवाल्यांसाठी रिव्ह्यू समजा.

डिस्कॉर्ड २०१५ ला आलं ते गेमरांसाठीच. त्याआधी पीसीवाले टीमस्पीक, मंबल ही बोलायची ॲप वापरायचे, त्यात सर्व्हर भाड्याने घ्या नाहीतर स्वतः चालवा अशी भानगड होती. इथे सर्व्हर म्हणजे नुसतं नाव, खरं तर आपल्या गँगचा ग्रुप, दोन मिनिटात तयार होतो. तिथेच माझी चूक झाली. दोन मिनिटात होतंय म्हणल्यावर मी उत्साहात रविवारी दुपारी बसून तेवीस चॅनल, म्हणजे ग्रुपमधल्या वेगवेगळ्या खोल्या, काढले. नियम, घोषणा, ओळख, बीजीएमआय सामान्य, बीजीएमआय रँक, मीम, क्लिप, म्युझिक, पीसी बिल्ड, एक "तक्रार निवारण" पण होतं, हसू नका. लग्नाच्या हॉलसारखं सजवून ठेवलं आणि पाहुणेच आले नाहीत. लोक यायचे, डावीकडची ती लांबलचक यादी बघायचे, कुठे लिहायचं कळायचं नाही आणि परत व्हॉट्सॲपवर जाऊन विचारायचे, "ते डिस्कॉर्डचं काय करायचं असतं रे?"

तीन महिन्यांनी चिडून सगळं उडवलं. आता टेक्स्टचे तीन आणि व्हॉइसचे दोन. गप्पा, आयडी, क्लिप. व्हॉइसचे "कट्टा" आणि "मॅच चालू". तेव्हापासून सर्व्हर जिवंत आहे. सर्व्हरमध्ये ५०० पर्यंत चॅनल काढता येतात म्हणून काढायचेच असं नसतं, हे मला कुणी आधी सांगितलं असतं तर एक रविवार वाचला असता.

त्यातला "आयडी" चॅनल सगळ्यात कामाचा, बाकी सगळं बंद झालं तरी तो एक ठेवेन. कारण वेगवेगळ्या मशीनवरची माणसं एकत्र खेळवायची म्हणजे खरी डोकेदुखी अकाउंटची असते. रॉकेट लीगला एपिकची आयडी लागते, मायनक्राफ्टला पीएस५ वरून पण मायक्रोसॉफ्टचं अकाउंट लागतं, कॉल ऑफ ड्यूटीला ॲक्टिव्हिजनची आयडी वेगळीच. प्रत्येकाने एकच मेसेज टाकायचा, त्यात आपल्या सगळ्या आयडी, आणि बदलली तर तोच एडिट करायचा. आमच्या एकाच्या आयडीत इंग्रजी ओ आहे का शून्य यावर अर्धा तास गेला होता, फोनवर "अरे गोल आहे गोल" एवढंच सांगत होता तो. आता कॉपी करायचं, पेस्ट करायचं, विषय संपला.

व्हॉइसबद्दल काय सांगू, हेच तर कारण आहे डिस्कॉर्ड वापरायचं. व्हॉट्सॲपवर कॉल लावला की सगळ्यांचे फोन वाजतात, मग कुणी मीटिंगमध्ये, कुणाच्या घरी पाहुणे, उचलला नाही की राग. इथे कॉल लावायचाच नाही. खोली उघडी असते, येऊन बसायचं, दुसऱ्याला दिसतं कोण कोण बसलंय, वाटलं तर तोही येतो. सोसायटीच्या पारावर एक जण जाऊन बसला की हळूहळू बाकीचे जमतात तसं. साडेनऊला "कट्टा" वर एक हिरवा गोल दिसतो, पावणेदहाला चार होतात. कुणीही कुणाला बोलावलेलं नसतं.

आणि ते आवाज गाळायचं सेटिंग, क्रिस्प म्हणून आहे, ते चालू करा म्हणजे कराच. आमच्या पीएस५ वाल्याची खोली किचनला लागून. तो पीसीवरून बसला होता त्या दिवशी, मागे कुकर लावलेला. क्रिस्प बंद असताना तीन शिट्ट्या आम्ही सगळ्यांनी मोजल्या, टोरोंटोवाला म्हणाला "वरण का?" आणि एकदम गप्प झाला बिचारा. चालू केल्यावर शिटी गेली, पण आईची "जेवायला ये" ही हाक मात्र येते, माणसाचा आवाज आहे ना. तेवढं चालतं.

आता कन्सोलवाल्यांचं, म्हणजे पीएस आणि एक्सबॉक्सवाल्यांचं, कारण नवीन लोक इथेच अडकतात. एक्सबॉक्सवर डिस्कॉर्डचा व्हॉइस २०२२ पासून आहे, पीएस५ वर २०२३ पासून. आधी मोबाईलवरून चॅनल उघडून तो कन्सोलकडे ढकलावा लागायचा, आता थेट कन्सोलवरूनही बसता येतं, फक्त अकाउंट एकदा जोडून ठेवायचं. पण व्हॉइसच, लिहिलेलं वाचायला मोबाईलच हातात घ्यावा लागतो. आणि पीएस५ वर डिस्कॉर्डमध्ये बसलात की सोनीच्या पार्टी चॅटमधून बाहेर पडता, दोन्ही एकदम नाही. पीएस४ वर यातलं काहीच नाही. आमचा पीएस४ वाला एका कानात मोबाईलचा इयरफोन घालतो, त्याच्यावरून टीव्हीचा हेडफोन चढवतो, दहा वाजेपर्यंत कान लाल. जुन्या निन्टेंडो स्विचवाल्यांचं पण तसंच जुगाड. मोबाईलवर बीजीएमआय खेळणाऱ्यांनी गेममधला माईक बंद ठेवायचा आणि डिस्कॉर्डचाच चालू ठेवायचा, नाहीतर दोघांचं माईकवरून भांडण होतं आणि आवाज विहिरीतून आल्यासारखा येतो.

एक गैरसमज मात्र काढून टाका. डिस्कॉर्डवर एकत्र आलात म्हणजे मॅचमध्ये एकत्र आलात असं नाही. माझा मामेभाऊ पीसीवर पबजी डाऊनलोड करून बसला, म्हणला आता बीजीएमआयवाल्यांबरोबर खेळतो. अरे बाबा, तो वेगळा गेम आहे, मोबाईलवाले मोबाईलवाल्यांशीच. रॉकेट लीग २०२० पासून फुकट आहे, पीएस, एक्सबॉक्स, पीसी सगळे एकत्र, फुकट असल्यामुळे सोनीचं पैसेवालं पीएस प्लस पण लागत नाही, पण मोबाईलवाले बाहेर. सगळ्यांना खरंच एकत्र आणणारे आम्हाला दोनच सापडले. एक अमंग अस, पंधरा जणांपर्यंत, मोबाईल-पीसी-कन्सोल काही असू दे. त्यात मेलेल्याने गप्प बसायचं असतं, हा नियम आमच्यात आजवर कुणी पाळलेला नाही. दुसरं मायनक्राफ्ट, पण त्याची बेडरॉक एडिशन, सगळ्या मशीनवर एकत्र चालते ती. मामेभाऊ जावा एडिशन उघडून महिनाभर "तुमचा वर्ल्ड दिसत नाही" म्हणत होता, शेवटी कळलं की पीसीवर २०२२ पासून दोन्ही एडिशन एकत्रच मिळतात, त्याने घेतलेल्यात बेडरॉक होतंच, लाँचरमध्ये शेजारीच.

टेलिग्रामवाले येऊन ओरडायच्या आधी सांगतो, ते पण करून बघितलं. ग्रुपमध्ये दोन लाख माणसं मावतात, २ जीबीची फाईल जाते, नंबर लपवता येतो. डिस्कॉर्डवर फुकटात १० एमबीच जातं, पीएस५ ची अर्ध्या मिनिटाची क्लिप पण बसत नाही, त्यामुळे मोठ्या क्लिप आम्ही अजूनही टेलिग्रामवर टाकतो आणि लिंक इकडे. पण कन्सोलवर टेलिग्रामचा काही उपयोग नाही. स्टीमचं चॅट चांगलं आहे, पीसीवाल्यांपुरतं.

नंबरचा मुद्दा मला आधी छोटा वाटला होता. मावसबहीण व्हॉट्सॲप ग्रुपमध्ये यायला तयारच नव्हती, कारण भावांच्या मित्रांच्या मित्रांना तिचा नंबर दिसणार. आमच्यात सगळ्यात भारी निशाणा तिचा, आणि वर्षभर ती आमच्यात नव्हती एवढ्याचसाठी. डिस्कॉर्डवर नुसतं टोपणनाव. दुसऱ्या दिवशी आली आणि तिसऱ्या दिवशी मला खेळातून बाहेर काढलं.

आता लफडं. मी एकदा कधीही न संपणारी इनव्हाइट लिंक बनवली आणि शहाणपणा करून एका यूट्यूब व्हिडिओखाली कमेंटमध्ये टाकली, "मराठी गेमर या". मराठी कुणी आलं नाही. रात्री दोनला कुठूनतरी सात-आठ अकाउंट घुसले, सगळ्यांना टॅग करून फुकट नायट्रोची (डिस्कॉर्डची पैसेवाली मेंबरशिप) लिंक फेकत सुटले. टोरोंटोवाला सोडून सगळे झोपलेले, ३४ फोन वाजले, दोघांच्या बायकांनी सकाळी माझी चौकशी केली. आमच्यातल्या एकाने लिंक दाबून लॉगिन पण केलं, त्याचं अकाउंट गेलं आणि मग त्याच्याच नावाने ती लिंक आम्हाला यायला लागली. चूक शंभर टक्के माझी. सेटिंगमध्ये सगळ्यांना टॅग करायची परवानगी सर्वांना होती, व्हेरिफिकेशन शून्यावर, टू फॅक्टर (पासवर्डनंतरचा दुसरा कोड) कुणाचंच नाही. आता लिंक सात दिवसांनी मरते आणि पाच माणसांपुरतीच, व्हेरिफिकेशन वरच्या पातळीवर, म्हणजे नवीन माणसाला दहा मिनिटं थांबल्याशिवाय लिहिता येत नाही, आणि टॅग फक्त मी आणि वहिनी. वहिनी मॉडरेटर आहेत, कारण त्यांना कुणी उलट बोलत नाही.

नोटिफिकेशनचं पण पहिल्याच दिवशी बघा. सर्व्हरच्या सेटिंगमध्ये "फक्त मेन्शन" (टॅग केलं तरच वाजेल) करून ठेवा, नाहीतर लोक वैतागून ॲपच म्यूट करतात आणि एकदा म्यूट केलेला माणूस परत येत नाही. आम्ही गेमप्रमाणे रोल, म्हणजे गट, केलेत, बीजीएमआय हाक मारली की बीजीएमआयवालेच उठतात. ३४ जणांना रोल हाताने दिले, बॉटबिट काही नाही. बॉटला ॲडमिन देऊन टाकायची सवय तर लावूच नका.

टोरोंटोवाल्यासाठी इव्हेंट फीचर सोन्यासारखं निघालं. उन्हाळ्यात तो आपल्यापेक्षा साडेनऊ तास मागे, नोव्हेंबरात त्यांची घड्याळं बदलली की साडेदहा. पहिल्या नोव्हेंबरात हा गडी तासभर उशिरा येऊन एकटा बसला होता, आम्ही खेळून उठलेलो. इव्हेंट टाकला की ज्याला त्याला त्याच्या घड्याळाची वेळ दिसते, भांडण नाही.

व्हॉट्सॲप बंद केलं का? नाही, आणि करू पण नका. निम्मे लोक डिस्कॉर्ड स्वतःहून उघडत नाहीत हे मान्य करून टाकलं मी. व्हॉट्सॲप ही दारावरची बेल, रात्री एक मेसेज, "कट्ट्यावर या". लहान पोरं असतील तर लक्षात ठेवा, डिस्कॉर्डला किमान १३ वर्षांची अट आहे. भाचा अकरा वर्षांचा, तो मायनक्राफ्टमध्ये येतो, व्हॉइसवर नाही, त्यामुळे काही सांगायचं झालं तर पाटी लिहून ठोकतो जमिनीत. परवा माझ्या घरासमोर पाटी होती, "मामा तुझी मेंढी मी नेली".

मार्क द्यायचे तर पाचपैकी चार. एक कापला फाईलच्या साइजसाठी आणि पीएस४ वाल्याच्या कानासाठी. लिंक मागू नका, सात दिवसांनी मरते.